गवताची दोरी

१८९४ साली हत्तींची दोन पुस्तकं छापून निघाली. एक लंडनला, एक पुण्याला. लंडनचं पुस्तक म्हणजे रुडयार्ड किपलिंगचं ‘द जंगल बुक’. त्यातल्या मोगलीच्या गोष्टी सगळ्यांना माहीत असतात. पण मोगलीच्या रानाशी काहीही संबंध नसलेली, गारो टेकड्यांतल्या एका माहुताच्या पोराची, छोट्या तूमाईची गोष्टही त्यातच आहे. पुण्याचं पुस्तक आनंदाश्रम संस्कृत ग्रंथावलीतलं. पालकाप्य मुनींचा ‘हस्त्यायुर्वेद’, हत्तींची दुखणी आणि त्यांवरचे इलाज सांगणारा जाडजूड ग्रंथ. एक पोरांसाठी, दुसरं गजवैद्यांसाठी. या दोन पुस्तकांना एकमेकांचा पत्ता असण्याचं काही कारण नव्हतं. माझ्या मनात मात्र ती कायम शेजारी शेजारी राहिली आहेत. दोन्हींच्या मुळाशी मला एकच दृश्य दिसतं: हत्ती बांधलेला आहे आणि त्याला हुकूम न करणारं कुणीतरी त्याच्याजवळ आहे.

पालकाप्यांची कथा नीलकंठाच्या ‘मातंगलीला’ या लहानशा संस्कृत ग्रंथात फार सुंदर आली आहे. अंगदेशाचा राजा रोमपाद चंपानगरीत गंगेच्या काठी बसलेला असतो. लोक गाऱ्हाणं घेऊन येतात, की रानहत्ती उभी पिकं फस्त करताहेत. पुढे राजाची माणसं रानात जातात, एका आश्रमाजवळ हिंडणारा अख्खा कळप पकडतात आणि चंपेला आणून खुंटांना बांधून टाकतात. त्या कळपात एक माणूस राहत असे. तो बापाच्या सेवेला आश्रमात गेला होता, तेवढ्यात हे घडलं. परत येऊन पाहतो तर रान रिकामं. शोधत शोधत तो चंपेला पोचतो, बांधलेले हत्ती पाहतो आणि कुणाशी एक अक्षर न बोलता त्यांच्या जखमांवर औषध लावू लागतो. ऋषी विचारतात, तू कोण? उत्तर नाही. शेवटी राजा स्वतः येऊन विचारतो, तेव्हा तो तोंड उघडतो. तो हत्तिणीच्या पोटी जन्मलेला असतो. मग राजा विचारत जातो, तो सांगत जातो आणि त्यातून हत्तींचं शास्त्र उभं राहतं.

आपल्याकडच्या हत्तींच्या विद्येचा आरंभ परंपरेने असा सांगितला आहे. तुडवल्या गेलेल्या शेतापासून, दोरखंडाने सोललेल्या पायांपासून, आईच्या गोतावर औषध लावायला आलेल्या एका गप्प मुलापासून. त्याची ती गप्प राहण्याची वेळ मला या कथेत सर्वांत मोलाची वाटते. औषध आधी सुरू झालं, ओळखपाळख नंतर.

पालकाप्य राजाला आणखी एक गोष्ट सांगतात. पूर्वी हत्ती हवे तिथे, आभाळातूनसुद्धा हिंडत. एकदा ते एका प्रचंड वडाच्या फांदीवर उतरले आणि फांदी मोडली. तिथे आश्रम असलेले दीर्घतपा ऋषी संतापले. त्यांनी शाप दिला, की यापुढे तुम्ही माणसांची वाहनं व्हाल. एका मोडक्या फांदीपायी एवढी शिक्षा! औषधोपचार सांगणाऱ्या परंपरेत ही गोष्ट कशासाठी? माझा समज असा आहे, की एवढ्या मोठ्या, एवढ्या समजूतदार जनावराच्या पायात साखळदंड घालताना माणसाचा हात कुठेतरी अडखळला असणार आणि त्याने आभाळातून एक कारण मागवून घेतलं असणार.

किपलिंगकडे कारण नाही, सवय आहे. तूमाईचा हत्ती काला नाग चांगला वीस वर्षांचा असताना पकडला गेला आणि पुढे ४७ वर्षं त्याने सरकारी चाकरी केली. एका रात्री तळावर एक नवा हत्ती दंगा करू लागतो. तूमाईचा बाप काला नागच्या पायातली साखळी काढून त्या दंगेखोराला घालतो आणि काला नागच्या पायाभोवती नुसत्या गवताची दोरी गुंडाळतो. त्याला बजावतो, तू बांधलेला आहेस, लक्षात ठेव. आज्याने, बापाने हेच शेकडो वेळा केलेलं असतं आणि काला नागने ती दोरी दर वेळी मानलेली असते. त्या रात्री तो मानत नाही. दोरी तुटते. बापाला झोप लागलेली असते. पोरगा जागा असतो, हाक मारतो, मलाही ने. काला नाग त्याला पाठीवर घेतो आणि डोंगरावरच्या त्या जागी जातो, जिथे हत्ती रात्रभर नाचतात, जिथला नाच कधी कुणा माणसाने पाहिलेला नाही.

ही गोष्ट वाचून किती वर्षं झाली, पण ती गवताची दोरी माझ्या डोक्यातून जात नाही. दोन हजारांहून अधिक वर्षं आपण हत्तींच्या गोष्टी सांगत आलो. त्यातल्या बहुतेक बांधलेल्या हत्तींच्या, नाहीतर बांधायला निघालेल्या माणसांच्या आहेत. मोकळा हत्ती कसा असतो, हे ठाऊक नसताना आपण त्याच्याविषयी इतकं बोललो, हे मला अजूनही नवलाचं वाटतं.

लहान मुलांना आपण देतो ते हत्ती आठवून पाहा. चंद्राच्या तळ्याकाठी सशाकडून फसणारा पंचतंत्रातला हत्ती. सुई टोचणाऱ्या शिंप्यावर सोंडेतलं गढूळ पाणी उडवणारा हत्ती. महानुभावांच्या दृष्टांतपाठात जन्मांधांनी चाचपडून पाहिलेला हत्ती. आपल्या भाषेतल्या अगदी आरंभीच्या गद्यात तो येऊन उभा आहे. तुळापूरच्या संगमावर शहाजीराजांच्या युक्तीने होडीत चढवून दगडांनी तोललेला, आख्यायिकेतला हत्ती. या गोष्टी मला आवडतात, मी त्या मुलांना सांगते. पण नीट पाहिलं तर त्या हत्तीच्या नाहीत. कुणाची तरी हुशारी नाहीतर अडाणीपणा दिसावा म्हणून तो तिथे आणून उभा केला आहे. होडीत चढताना तो भ्यायला का, हे कुणी विचारत नाही. लहानपण मागताना तुकोबांना ऐरावत आठवला तोही अंकुशासकट.

याला मोठा अपवाद अजिंठ्याचा. दहाव्या लेण्यातली चित्रं फार पुसट झाली आहेत. अंधाराला डोळे सरावले, की भिंतीतून हळूहळू हत्ती बाहेर येऊ लागतात. कमळांत, वडाखाली, एकमेकांना खेटून. छद्दंत जातकाची ही कथा. मोठ्या सुळ्यांचा, हत्तींचा राजा असलेला हत्ती, त्याच्यावर रुसून मेलेली आणि पुढच्या जन्मी काशीची राणी झालेली त्याची हत्तीण, सुळे आणायला तिने धाडलेला शिकारी. विषारी बाण लागल्यावर हत्ती शिकाऱ्याला चिरडत नाही. कुणी पाठवलं, ते विचारतो. सुळे कापणं शिकाऱ्याला जमेना, तेव्हा करवत सोंडेत धरून स्वतःच कापून देतो. सुळे समोर आल्यावर राणी कोसळते, तो प्रसंग त्या भिंतीवर आहे. सतराव्या लेण्यात मातृपोषक जातक रंगवलं आहे. आंधळ्या आईला सांभाळणारा पांढरा हत्ती पकडला जातो, राजाच्या पिलखान्यात त्याच्यापुढे उत्तम चारा पडतो आणि तो तोंड लावत नाही. आई उपाशी असेल, एवढंच त्याचं म्हणणं. राजा त्याला सोडतो. तो धावत जाऊन आईवर सोंडेने पाणी शिंपडतो आणि तिला वाटतं, पाऊस आला. मुलगा परत आल्याचं त्या आंधळ्या म्हातारीला आधी कळतच नाही, ही जागा ज्याला सुचली त्याने हत्ती लांबून पाहिला नव्हता.

आईपासून तुटलेलं पिल्लू. मुलांच्या हत्तींच्या पुस्तकांत ही गाठ इतक्या वेळा येते, की तो योगायोग मानायला मन तयार होत नाही. १९३१ साली फ्रान्समध्ये जाँ द ब्रुनॉफ यांनी ‘बाबार’ काढला. गोष्ट मुळात त्यांच्या पत्नीने, सेसीलने, झोपताना मुलांना सांगितलेली. पहिल्याच काही पानांत शिकारी बाबारच्या आईला गोळी घालतो. पिल्लू पळून शहरात जातं, हिरवा सूट घेतं, मोटारीत बसतं, पुढे हत्तींचा राजा होतं. मोठ्या समीक्षकांनी या पुस्तकाला वसाहतवादाचं गोंडस चित्र म्हटलं आहे. ते चूक नाही. मोकळ्या हत्तीला कोट-टाय घालणं हीसुद्धा दोरीच आहे, रेशमी असली म्हणून काय झालं. पण मी भाचीला हे पुस्तक मराठी करत वाचून दाखवायची, तेव्हा तिला सुटाशी आणि राज्याभिषेकाशी फारसं देणंघेणं नसायचं. बंदुकीचं पान आलं, की ती शिकाऱ्यावर तळहात ठेवायची आणि म्हणायची, आता वाच.

बाबारच्या चित्रकाराला क्षय झाला आणि १९३७ साली तो गेला. ज्या मुलांना आईने ही गोष्ट सांगितली होती, त्यातला लोराँ तेव्हा बारा वर्षांचा होता. १९४६ मध्ये त्याने स्वतःच्या हाताने बाबारचं नवं पुस्तक काढलं आणि पुढे आयुष्यभर तो बापाचा हत्ती काढत राहिला. पुस्तकातला पोरका हत्ती आणि पुस्तकाबाहेरचा पोरका मुलगा यांनी एकमेकांना असं धरून ठेवलं.

ज्या घरांत दरवर्षी गणपती बसतो, तिथल्या मुलांनाही आईपासून तुटण्याची ही गोष्ट नवी नसते. कापलेलं मस्तक, आक्रोश करणारी पार्वती, मग हत्तीचं मस्तक. ते मस्तक ज्याचं होतं त्या हत्तीचं काय झालं, असा प्रश्न एखादं मूल विचारतंच आणि आपण घाईने आरती सुरू करतो. ब्रह्मवैवर्त पुराणाच्या गणपतिखंडात त्याचं उत्तर आहे. तिथली कथा थोडी वेगळी. शनीच्या दृष्टीने बाळाचं मस्तक जातं आणि विष्णू पुष्पभद्रा नदीकाठी निजलेल्या एका हत्तीचं मस्तक घेऊन निघतो. शेजारी निजलेली हत्तीण जागी होते, पिल्लांना जागं करते आणि विलाप करू लागते. देवाला थांबावं लागतं. तो त्या धडाला दुसरं मस्तक जोडून हत्तीला उठवतो आणि मगच पुढे जातो. ज्या पुराणकाराला या हत्तिणीचं रडणं ऐकू आलं, त्याच्यापुढे मी हात जोडते.

मोठ्यांच्या पुस्तकांत तळहाताने झाकण्याची सोय नसते. जॉर्ज ऑर्वेलचा ‘शूटिंग अॅन एलिफंट’ हा लेख १९३६ मधला. ब्रह्मदेशातलं मौलमेन. माजावर आलेला एक पाळीव हत्ती साखळी तोडून बाजारात घुसतो, एका मजुराला मारतो. पोलीस अधिकारी बंदूक घेऊन पोचतो तेव्हा हत्ती शेतात शांतपणे गवत खात असतो. त्याला मारायची गरज उरलेली नसते. पण मागे दोन हजार माणसं जमली आहेत आणि गोऱ्या साहेबाला त्यांच्यापुढे हसं करून घ्यायचं नाही. तो गोळी झाडतो. हत्ती लगेच मरत नाही. त्याचं ते मरण ऑर्वेल इतक्या सावकाश लिहितो, की वाचताना स्वतःचा श्वास मोजावासा वाटतो. हे प्रत्यक्ष घडलं की रचलं, यावर त्याचे चरित्रकार अजून वाद घालतात. माझ्यापुरता तो वाद गौण आहे. त्या लेखात साखळी तोडलेला हत्ती एकच आणि बांधलेला माणूसही एकच, बंदुकीच्या मागे उभा असलेला.

वैकम मुहंमद बशीर यांच्या १९५१ च्या कादंबरीत हत्ती प्रत्यक्षात येतच नाही. आजोबांकडे हत्ती होता, एवढा नुसता बडेजाव. त्या सुळेवाल्या हत्तीच्या आठवणीने आई मुलीला आयुष्यभर बांधून ठेवते आणि शेवटी गावची पोरं तो हत्ती वाळूत खड्डा करणाऱ्या एका किड्याएवढा करून टाकतात. जुझे सारामागो यांनी २००८ मध्ये लिहिला तो खरा घडलेला प्रवास, सोळाव्या शतकातला. पोर्तुगालच्या राजाने आपला हिंदुस्थानी हत्ती ऑस्ट्रियाच्या आर्चड्यूकला भेट दिला आणि त्या जनावराला लिस्बनपासून व्हिएन्नापर्यंत, आल्प्सच्या बर्फातून चालवत नेलं. ज्याला ही भेट पायांनी तुडवत पोचवायची होती, त्याला विचारायची पद्धत कुठेच नव्हती.

मोकळा हत्ती कागदावर यायला विसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडावा लागला. सिंथिया मॉस यांनी १९७२ पासून केनियातल्या अंबोसेलीचे हत्ती कानांच्या कडांवरून, फाटक्या-तुटक्या खुणांवरून एकेक ओळखायला सुरुवात केली, त्यांना नावं दिली, आणि १९८८ मध्ये ‘एलिफंट मेमरीज’ लिहिलं. पकडायचं नाही, कामाला लावायचं नाही, फक्त वर्षानुवर्षं पाहत राहायचं. छद्दंत, गजेंद्रमोक्षातला गजेंद्र, काला नाग, बाबार. आपल्या गोष्टींचे नायक सगळे नर, बहुतेक राजे. मॉस आणि त्यांच्या सोबत्यांनी जे पाहिलं त्यात कळपाला राजा नव्हताच. पुढे असते एक म्हातारी. तिच्या बहिणी, मुली, नाती, त्यांची पिल्लं; नर वयात आले की बाहेर पडतात. दुष्काळात पाणी कुठे होतं, कुठला आवाज ओळखीचा आणि कुठला परका, हे त्या म्हातारीच्या डोक्यात असतं. माणूस हत्तीला राजा म्हणत राहिला आणि इकडे रानात आजी घर चालवत होती.

एको नावाची अशीच एक म्होरकी. १९९० मध्ये तिला पिल्लू झालं, एली. त्याचे पुढचे पाय मनगटाशी दुमडलेले; त्याला उभंच राहता येईना. तहानभूक सोडून एको त्याच्यापाशी थांबली, तिची वाढती मुलगी एनिडही थांबली. दोघी सोंडेने त्याला उचलत, तो पडे, पुन्हा उचलत. काही दिवसांनी त्याचे पाय सरळ झाले आणि तो चालू लागला. अजिंठ्याच्या चित्रकाराला यात नवल वाटलं नसतं. त्याने हीच गोष्ट उलट बाजूने, मुलाच्या बाजूने, रंगवून ठेवली होती.

शास्त्राने काही गोष्टी पुसल्या हेही खरं. सिंदबादला सातव्या सफरीत भेटलेलं हत्तींचं स्मशान कुठे सापडलं नाही. पण २००६ साली प्रसिद्ध झालेल्या अंबोसेलीतल्या एका प्रयोगात हत्तींपुढे वेगवेगळ्या प्राण्यांच्या कवट्या ठेवल्या, तेव्हा ते आपल्या जातीच्या कवटीपाशी आणि हस्तिदंतापाशी अधिक रेंगाळले, सोंडेने, तळपायाने स्पर्श करत राहिले. स्मशान नाही, पण आठवण आहे. आणि तूमाईने पाहिलेल्या नाचाच्या आधी लांबून रानातून आलेली ती हत्तीची हाक? केटी पेन या आधी देवमाशांची गाणी अभ्यासत. १९८४ मध्ये पोर्टलंडच्या प्राणिसंग्रहालयात हत्तींजवळ उभं असताना त्यांना हवेत एक थरथर जाणवली. लहानपणी चर्चमध्ये गाताना ऑर्गनच्या सर्वांत खालच्या सुरांनी अंगाला जाणवायची, तशी. ध्वनिमुद्रण वेगाने फिरवल्यावर माणसाच्या कानापलीकडचे खोल आवाज त्यात मिळाले. काँक्रीटच्या भिंतीच्या दोन बाजूंना उभे असलेले हत्ती एकमेकांशी बोलत होते. पेन यांच्या पुस्तकाचं नाव ‘सायलेंट थंडर’. आपल्या पिलखान्यांत, देवळांत, सर्कशींत हे बोलणं आपल्या कानांशेजारून किती शतकं जात राहिलं असेल!

२०२५ च्या जुलैत कोल्हापूर जिल्ह्यातल्या नांदणीच्या जैन मठातली हत्तीण, कुणी तिला महादेवी म्हणायचे, कुणी माधुरी, न्यायालयाच्या आदेशाने गुजरातला हलवली. तीसहून अधिक वर्षं ती तिथे होती. निरोपाला गाव लोटलं, बायका-पोरं ढसाढसा रडली. ते रडणं खोटं होतं असं म्हणणाऱ्यांचा मला राग आला. आणि तरी, तीस वर्षं एकाही हत्तिणीच्या अंगाला अंग न लावता राहिलेल्या त्या जिवाकडे पाहून पोटात कालवायचं थांबलं नाही. कळपाशिवायची हत्तीण म्हणजे काय, हे अंबोसेलीच्या पुस्तकांनी मला सांगितलेलं आहे. ते न वाचल्यासारखं आता करता येत नाही.

सिंधुदुर्गातल्या दोडामार्गात गोष्ट नेमकी उलटी आहे. २००२ साली कर्नाटकातून हत्ती सिंधुदुर्गात उतरले. तिकडे गडचिरोलीत २०२१ मध्ये छत्तीसगडमार्गे कळप आला. दोडामार्गातल्या तिळारीच्या खोऱ्यात एका रात्रीत माड आडवे होतात, केळीची बाग संपते, पोफळी मोडतात. बापाने लावलेला माड मुलाच्या डोळ्यांदेखत पडतो आणि भरपाईचे पैसे आले तरी त्याच्या जागी लावलेला नवा माड धरायला वर्षं जातात. माणसंही दगावली आहेत. रोमपादाच्या दारात गाऱ्हाणं घेऊन गेलेले लोक हेच. ‘हत्ती वाचवा’ म्हणणारी माझ्यासारखी शहरातली वाचणारी माणसं त्यांच्या अंगणात रात्र काढत नाहीत. हत्तींच्या पुस्तकांच्या या मोठ्या रांगेत शेतकरी जवळजवळ कुठेच नाही. असलाच तर सुरुवातीच्या एका ओळीत, तक्रार करून निघून जाणारा.

मी मराठीत एका पुस्तकाची वाट पाहते आहे. ते तिळारीकडच्या कुणीतरी लिहावं, जिने नाहीतर ज्याने डबे वाजवत, फटाके लावत बागेत रात्री काढल्या आहेत. ते मुलांनाही वाचता यावं आणि मोठ्यांनाही. त्यात वनखात्याचे पंचनामे असावेत, माडांचे भाव असावेत, आणि कळपातल्या म्हातारीला ही वाट कशी आठवली तेही असावं. हत्ती बागेत शिरतात त्या रात्रीचं प्रकरण मात्र दोनदा लिहिलेलं असावं: एकदा घराच्या खिडकीतून, एकदा माडाखालून.